शाळेच्या वर्गणीतून निघालेली शर्यत

शाळेसाठी पैसे उभे करायचे असतील तर माणसं काय करतात? नाटकाचा प्रयोग लावतात, सोडतीची तिकिटं खपवतात, पावतीपुस्तक घेऊन दारोदार फिरतात. फ्रान्सच्या पश्चिम टोकाला, ब्रिटनीतल्या लेऑन भागात झाँ-पॉल मेलुए या गृहस्थांनी १९८४ साली सायकल शर्यत काढली. ‘त्रो-ब्रो लेऑन’ म्हणजे लेऑन मुलखाचा फेरा. एका दिवसात सुमारे २०० किलोमीटर! त्या शर्यतीत आज जगभरातले व्यावसायिक सायकलपटू उतरतात.

शाळा तरी कसली? ब्रेटन भाषेची. ही भाषा फ्रेंचच्या शाखेतली नाहीच; तिचं नातं समुद्रापलीकडच्या वेल्शशी. एके काळी इथल्या शाळांत ब्रेटन बोलताना सापडलेल्या मुलाच्या गळ्यात लाकडी खडावेसारखी एखादी वस्तू अडकवत. दुसरं कुणी बोलताना सापडलं की ती त्याच्या गळ्यात जायची, आणि दिवस संपताना ज्याच्याकडे असेल त्याला शिक्षा. म्हणजे पोरांनीच पोरांवर पाळत ठेवायची! विसाव्या शतकाच्या मध्यावर दहा लाखांच्या घरात असलेले ब्रेटन भाषक २०१८च्या पाहणीत दोन लाखांवर आले होते. ही घसरण चालू असतानाच पालकांनी पुढाकार घेऊन ‘दिवान’ शाळा काढल्या. त्यातली पहिली १९७७ साली, याच लेऑनमध्ये. शिकवणं ब्रेटनमधून, आणि पैशांची चणचण कायमची.

आता मेलुएंपुढचा प्रश्न बघा. लेऑनमध्ये आल्प्ससारखे घाट नाहीत, पॅरिसचा डामडौल नाही. फ्लॉवर आणि आर्टिचोकची शेतं, जमिनीत खोलवर घुसलेल्या खाड्या आणि सदा घोंघावणारा समुद्रवारा. शिवाय शेतांमधून जाणाऱ्या कच्च्या वाटा. ब्रेटनमध्ये त्यांना ‘रिबिनू’ म्हणतात. ट्रॅक्टरच्या चाकांनी पडलेल्या दोन चाकोऱ्या, मधोमध गवताची पट्टी, वर खडी. ऊन पडलं की धुरळा, पाऊस आला की चिखल. दुसऱ्या कुणी या वाटांवर डांबर टाकायची मागणी केली असती. मेलुएंनी त्यांच्यावरूनच शर्यत नेली! मला सगळ्यात थक्क करतं ते हे: गैरसोय म्हणून लोक जिच्याकडे बघतात, तीच वाट त्यांनी मुलखाचं वैभव करून टाकली.

त्या वाटेवर सायकलचं काय होतं? टायर टणक फुगवला की सायकल जोरात पळते, असं आपल्याला वाटतं. गुळगुळीत रस्त्यावर ते बऱ्याच अंशी खरंही आहे. खडीवर मात्र गणित उलटतं. टणक टायर दगडावर आदळला की सायकल माणसासकट वर उडते, आणि पुढे जायला लावलेली ताकद वर उडण्यात खर्च होते. हवा थोडी कमी असेल तर टायर दगडाभोवती दबतो, धक्का स्वतःत जिरवतो आणि माणूस पुढे सरकत राहतो. म्हणजे कमी हवेने वेग वाढतो! पण हवा फारच कमी केली तर दगड आणि रिम यांच्यामध्ये टायर चेपतो आणि पंक्चर ठरलेलं. म्हणून अशा शर्यतीला रुंद टायर लावतात आणि हवेचा अंदाज फार जपून घेतात.

वाट इतकी अरुंद की शंभरावर सायकलींचा घोळका एका ओळीत ताणला जातो. पुढचा पडला तर मागचे सगळे खोळंबतात. त्यामुळे खरी झुंज रिबिनूवर पोचायच्या आधीच, डांबरी रस्त्यावर सुरू होते. दादरला उतरणारा माणूस कुर्ल्यालाच दाराकडे सरकायला लागतो, तशी. अशा वाटा एक-दोन नव्हे, वीसहून जास्त! प्रत्येक वाटेआधी पुन्हा तीच रेटारेटी. वाटेत चाक गेलं, तर संघाची गाडी मागे कुठेतरी अडकलेली असते. तोवर पुढचे दिसेनासे होतात.

सुरुवातीला हौशी सायकलपटूंची असलेली ही शर्यत पुढे व्यावसायिकांची झाली, आणि २०२० साली तिला प्रोसिरीजमध्ये, म्हणजे जागतिक सायकलिंगच्या दुसऱ्या श्रेणीत जागा मिळाली. त्या वर्षी कोविडमुळे ती झालीच नाही. २०१२ साली इथे कॅनडाचा रायन रॉथ जिंकला, २०१९ला इटलीचा आंद्रेआ वेंद्रामे, २०२१ला ब्रिटनचा कॉनर स्विफ्ट, २०२४ला बेल्जियमचा आर्नो दे ली.

मग घरच्या पोरांना काय? त्यांच्यासाठी इथे वेगळं बक्षीस आहे: डुकराचं जिवंत पिल्लू! ब्रिटनीच्या सायकलपटूंमध्ये जो सर्वांत पुढे येईल, त्याच्या हातात ते देतात. तो एकंदरीत पहिला आला की विसावा, याच्याशी पिल्लाचा संबंध नाही. म्हणून लानिलिस गावातल्या अंतिम रेषेवर विजेत्याने हात उंचावले तरी शर्यत संपत नाही. मागे एखाद्या धुळीने माखलेल्या घोळक्यात दोघे-तिघे ब्रेटन उरलेले असतात, पिल्लू कुणाचं ते अजून ठरायचं असतं, आणि ते जीव तोडून पायडल मारत असतात.