खेळयंत्राचे कुलूप कधी काढावे?

२०२३ सालची दिवाळी नुकतीच झाली होती. रविवारी दुपारी आमच्या चाळीतल्या एक ताई आपल्या मुलाला घेऊन घरी आल्या. ताई एका खाजगी रुग्णालयात आया म्हणून काम करतात. आठवड्यातून तीन रात्री त्यांची रात्रपाळी असते. यजमान टेम्पो चालवतात, ते बरेचदा बाहेरगावी. मुलगा तेव्हा नववीत होता. ताईंच्या हातात कापडी पिशवी आणि पिशवीत टॉवेलमध्ये गुंडाळलेले प्लेस्टेशन-४.

"भाऊ, तुम्ही ऑफिसात कॉम्प्युटरवर बसता, जरा बघा हे. चार आकडे मागतंय आणि पुढं जातच नाही."

रुग्णालयातल्या एका डॉक्टरबाईंच्या मुलाचे हे जुने यंत्र. बाई म्हणाल्या, असेच घेऊन जा. पण ताईंनी ऐकले नाही. ठरवून किंमत लावून घेतली आणि चार पगारांत मिळून फेडली. आता पैसे फिटले, यंत्र घरी आले आणि पडद्यावर कुलूप! मुलगा म्हणत होता, "आई, फोन करून विचार ना." ताईंना संकोच वाटत होता. घेतलेली वस्तूही हिला चालवता येत नाही, असे त्यांना वाटेल म्हणून.

मी म्हटले, "ताई, यात लाजण्यासारखे काही नाही. पैसे मोजून वस्तू घेतली, तर तिची किल्ली मागणे हा आपला हक्क आहे." त्यांनी फोन केला. डॉक्टरबाई हसून म्हणाल्या, मुलगा लहान होता तेव्हा टाकलेला आकडा आता कोणाच्याच लक्षात नाही.

मग त्या दुपारी आम्ही ते कुलूप काढले. परंतु कुलूप निघाले म्हणजे प्रश्न सुटला असे नव्हे, हे पुढे वर्षभरात आम्हा सर्वांना कळले. आज आपल्या अनेक घरांत अशी जुनी यंत्रे येत आहेत. म्हणून हा अनुभव सविस्तर सांगतो.

कुलूप एक नाही, दोन असतात

या यंत्रात पालकांसाठी दोन वेगवेगळी कुलपे असतात, हे प्रथम समजून घ्यावे.

पहिले कुलूप यंत्राचे. त्याला चार आकडी कोड असतो. कारखान्यातून यंत्र येते तेव्हा हा कोड चार शून्ये असतो. पालकाने तो बदलला आणि नवे नाव नोंदवण्यावर बंदी घातली की, त्याच्या परवानगीशिवाय यंत्रावर नवे नाव नोंदवता येत नाही. ताईंच्या यंत्राचे अडले होते ते इथेच.

दुसरे कुलूप खात्याचे. आई किंवा वडील आपले खाते उघडून कुटुंबप्रमुख होतात आणि मुलाचे खाते त्याखाली जोडतात. मग मुलाने कोणत्या वयापर्यंतचे खेळ खेळावेत, रोज किती वेळ आणि कोणत्या वेळेत खेळावे, अनोळखी लोकांशी बोलावे की नाही, महिन्याला किती पैसे खर्च करावेत, हे सर्व ठरवता येते. हे कुलूप यंत्रात नसते, कंपनीच्या दूरच्या संगणकात असते. म्हणून यंत्र धुऊन पुसून कोरे केले तरी मुलाच्या खात्यावरचे बंधन जात नाही. ते कुटुंबप्रमुखानेच आपल्या खात्यातून काढावे लागते.

यंत्राचा कोड विसरला असेल तर आधी चार शून्ये टाकून पाहावीत. नाहीच उघडले तर यंत्र पूर्ण बंद करावे. चालू करण्याचे बटण दाबून धरावे. एक आवाज होतो, सुमारे सात सेकंदांनी दुसरा होतो, तेव्हा बोट काढावे. हातातला कंट्रोलर तारेने यंत्राला जोडावा. पडद्यावर यादी येते, त्यातला यंत्र कोरे करण्याचा पर्याय निवडावा. मात्र यंत्रातले सर्व काही पुसले जाते. आपलेच यंत्र असेल आणि मुलाने महिनोन् महिने खेळून जपलेली प्रगती त्यात असेल, तर शक्य असल्यास ती आधी पेन ड्राइव्हवर उतरवून घ्यावी. मोठ्यांना ती क्षुल्लक वाटते, पण मुलाच्या दृष्टीने ती कमाई असते.

निन्टेंडो स्विच या यंत्राचा कोड चार ते आठ आकडी असतो. तो विसरल्यास पडद्यावर एक चौकशी क्रमांक दिसतो आणि त्यावरून कंपनीकडून किल्लीचा आकडा मिळवता येतो. एक्सबॉक्सचे कुलूप मायक्रोसॉफ्टच्या कुटुंब खात्यातून उघडते. थोडक्यात, प्रत्येक कुलपाला सरळ मार्गाची किल्ली आहे. "आम्ही कुलूप तोडून देतो" म्हणणाऱ्यांच्या नादी लागू नये. आतली प्रणाली बदललेले यंत्र कंपनी आपल्या जाळ्यातून बाद करू शकते. मग पैसेही गेले आणि यंत्रही गेले.

डब्यावरचा आकडा काय सांगतो?

माझ्या लहानपणी, नव्वदच्या दशकात, टीव्हीला जोडायचा गेम तासाच्या भाड्याने मिळे. मारिओ आणि काँट्रा खेळायला दहा पोरे जमत. त्या यंत्राला कुलूप नव्हते. आईने स्विच बंद केला की खेळ संपला!

त्याच काळात अमेरिकेत मात्र या विषयावर वादळ उठले होते. 'मॉर्टल कॉम्बॅट' आणि 'नाइट ट्रॅप' या खेळांतील हिंसेवरून डिसेंबर १९९३ मध्ये तेथील सिनेटमध्ये सुनावणी झाली. सरकार कायदा करील या धास्तीने उद्योगाने १९९४ साली स्वतःच वयानुसार वर्गवारी करणारे मंडळ स्थापले. युरोपात २००३ पासून 'पेगी' ही पद्धत आली. खेळाच्या डब्यावर ३, ७, १२, १६ किंवा १८ असा जो आकडा दिसतो, तो पेगीचा.

हा आकडा खेळ सोपा की अवघड हे सांगत नाही. त्यात काय दाखवले आहे, हे सांगतो. 'ग्रँड थेफ्ट ऑटो ५' वर १८ चा आकडा आहे, तो उगाच नाही. त्यात खून आहेत, छळ आहे, अश्लीलता आहे. "वर्गातली सगळी मुले खेळतात" हे त्यावरचे उत्तर होऊ शकत नाही.

पण आकड्यावरही डोळे झाकून विसंबू नये. फुटबॉलच्या 'फिफा' खेळावर ३ चा आकडा असे. बघायला निर्दोष. पण त्यातच पैसे देऊन खेळाडूंची बंद पाकिटे घ्यायची सोय होती. पाकिटात कोण निघेल हे नशिबावर. २०१८ मध्ये बेल्जियमच्या नियामकांनी अशी विक्री जुगारात मोडते असे ठरवले आणि २०१९ च्या सुरुवातीला कंपनीला त्या देशात ही विक्री थांबवावी लागली. म्हणजे वयाचे कुलूप वेगळे आणि खिशाचे कुलूप वेगळे. दोन्ही लावावी लागतात.

खिशाची गोष्ट निघाली म्हणून सांगतो. 'फोर्टनाइट' बनवणाऱ्या एपिक गेम्स कंपनीने २०२२ साली अमेरिकेतील व्यापार आयोगाशी झालेल्या तडजोडीत ५२ कोटी डॉलर देण्याचे मान्य केले. त्यातले साडेचोवीस कोटी फसवणुकीने पैसे कापले गेलेल्या ग्राहकांना परत द्यायचे होते. पालकांच्या नकळत मुलांनी बटणे दाबली आणि पैसे गेले, ही त्यातली एक मुख्य तक्रार होती. आपल्याकडे महिन्याचा पगार ज्या कार्डावर, तेच कार्ड यंत्रात साठवून ठेवले, तर काय होईल याचा विचार प्रत्येकाने करावा.

माझीच चूक

आता ताईंच्या घरी परत येऊ. त्या दुपारी यंत्र कोरे झाल्यावर मी ताईंच्या नावे कुटुंबप्रमुखाचे खाते उघडून दिले. मुलाचे खाते त्याखाली जोडले. शाळेच्या दिवशी संध्याकाळी सहा ते सात एक तास, रविवारी दोन तास. खर्च शून्य. अनोळखी लोकांशी बोलणे बंद. ताई समाधानाने गेल्या. मलाही काहीतरी केल्यासारखे वाटले.

२०२४ च्या पावसाळ्यात एका सकाळी त्या रात्रपाळीवरून परतल्या. मुलगा झोपला होता. टीव्हीजवळची पिशवी उचलायला गेल्या तर हात यंत्राला लागला. यंत्र गरम होते.

यंत्र कोरे केल्यावर कोड पुन्हा चार शून्यांवर आला होता आणि तो बदलायचे मी विसरलो होतो. मुलाने चार शून्ये टाकली, नवे खाते उघडले, जन्मसाल खोटे टाकून स्वतःला पंचवीस वर्षांचा केला आणि आई कामावर असताना रात्र-रात्र खेळत राहिला. मी पुढचे दार लावून दिले होते आणि मागचे उघडेच ठेवले होते.

ताईंनी त्याला मारले नाही. एवढेच विचारले, "सहा ते सात तुला दिलं होतं ना? मग?"

तो रडत म्हणाला, "सहाला कोणीच नसतं गं. सगळ्यांचे क्लास असतात. दहाला सगळे येतात. मी एकटाच कोणाशी खेळू?"

या उत्तराने मी विचारात पडलो. वेळ आम्ही दोघा मोठ्यांनी ठरवला होता. ज्याचा खेळ, त्याला एका शब्दाने विचारले नव्हते.

कोरियाचा धडा

ही चूक फक्त आमचीच नाही, एका देशाच्या सरकारनेही ती केली. दक्षिण कोरियाने २०११ साली कायदा केला की सोळा वर्षांखालील मुलांना मध्यरात्री बारा ते सकाळी सहा ऑनलाइन खेळ खेळता येणार नाही. पुष्कळ मुले आईवडिलांचा ओळख क्रमांक टाकून खेळू लागली. शिवाय काळ बदलला, मुले मोबाइलवर गेली आणि कायदा संगणकाकडे बघत राहिला. अखेर १ जानेवारी २०२२ पासून तो रद्द झाला. आता खेळाची वेळ पालक व मुले मिळून ठरवतात आणि त्याप्रमाणे कंपनीला ती पाळावी लागते. चीनने मात्र २०२१ मध्ये उलट मार्ग धरला. अठरा वर्षांखालील मुलांना शुक्रवार, शनिवार, रविवार आणि सुटीच्या दिवशी रात्री आठ ते नऊ, एवढीच परवानगी दिली.

बाहेरून लावलेल्या कुलपाला मुले वाट शोधतात. आपल्या घरांत तर आणखी एक अडचण आहे. पडद्यावरची इंग्रजी आईला वाचता येत नाही, वडिलांना सवड नाही. म्हणून "तूच कर रे" असे म्हणून पालकाचे खातेही मुलगाच उघडतो. म्हणजे कैद्याच्याच हाती तुरुंगाच्या किल्ल्या! अशा कुलपाला काही अर्थ नाही. पालकाचे खाते पालकाच्या फोनवरच असावे आणि कोड पालकानेच टाकावा. शिकायला एक तास लागतो. तेवढा तास काढावा.

काढायचे तर कोणत्या क्रमाने?

कुलूप जन्मभरासाठी नसते. सायकल शिकवताना मागचा हात हळूहळू सोडतो, तसे हे काढावे. माझ्या मते क्रम असा असावा.

प्रथम वेळेचे बंधन. अभ्यास, झोप आणि घरकाम नीट होत असेल तर ते आधी सैल करावे. मग वयाचा आकडा, मुलाचे वय वाढेल तसा एकेक पायरीने. अनोळखी लोकांशी बोलण्याची मुभा त्यानंतर, आणि तीही कोण बोलते, काय विचारते हे घरी सांगण्याची सवय लागल्यावर. पैशाचे कुलूप सर्वात शेवटी. स्वतः कमावू लागल्यावर त्याने ते खुशाल काढावे!

जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगांच्या यादीत १ जानेवारी २०२२ पासून खेळाच्या विकाराचा समावेश लागू झाला आहे. खेळावरचा ताबा सुटणे, बाकी सर्व मागे पडणे, नुकसान दिसत असूनही खेळत राहणे, आणि हे साधारण बारा महिने चालणे, ही त्याची लक्षणे. तेव्हा तासभर खेळणाऱ्या मुलाला व्यसनी म्हणू नये आणि खरी लक्षणे दिसली तर नुसत्या कुलपावर विसंबू नये. डॉक्टरांकडे जावे.

आणखी एक. यंत्र घरात येते ते बहुधा मुलासाठी. मुलगी भांडी घासून येईपर्यंत तास संपलेला असतो. वेळेची वाटणी करताना तिचाही तास लिहून ठेवावा.

ताईंनी हात पुढे केला

त्या पावसाळ्यात आम्ही तिघे पुन्हा बसलो. खोटे खाते मुलानेच पुसले. तास रात्री नऊ ते दहा केला. कोड टाकायची वेळ आली तेव्हा मी पुढे सरकलो, तर ताई म्हणाल्या, "भाऊ, तुम्ही तिकडं बघा. आकडा माझा मी टाकते." मी तोंड फिरवले. तो आकडा मला आजही माहीत नाही आणि तेच योग्य आहे.

मार्च २०२५ मध्ये दहावीची परीक्षा संपली. शेवटच्या पेपरच्या रात्री मुलगा आईला म्हणाला, "आता वेळेचं कुलूप काढशील?" ताईंनी मला बोलावले नाही. आपल्या फोनवर खाते उघडले, एकेक अक्षर लावत वाचले आणि वेळेचे बंधन स्वतः काढले. दुसऱ्या दिवशी जिन्यात भेटल्या तेव्हा सांगितले.

"बाकीची ठेवलीत ना?" मी विचारले.

"पैशाचं ठेवलंय. ते मात्र माझ्याकडंच राहणार," त्या म्हणाल्या आणि ड्यूटीला निघून गेल्या.

पालकहो, आपल्या घरात असे यंत्र असेल तर आज रात्री दोन गोष्टी करा. कोड अजून चार शून्येच आहे का, ते पाहा. आणि मुलाला जवळ बसवून विचारा, तुझे मित्र किती वाजता खेळायला येतात?