मागच्या कोर्टावरचा माणूस

१९ ऑगस्ट २०१६ हा दिवस भारतीय बॅडमिंटन रसिकांच्या लक्षात आहे तो पी. व्ही. सिंधूमुळे. रिओ ऑलिंपिकच्या अंतिम सामन्यात कॅरोलिना मारिनकडून ती तीन गेममध्ये हरली. पदक रुप्याचं असलं तरी देशभर पेढे वाटले गेले. त्याच दिवशी, त्याच रिओसेंट्रोच्या हॉलमध्ये पुरुष दुहेरीचाही अंतिम सामना झाला. मलेशियाचे गोह व्ही शेम आणि तान वी किओंग यांनी पहिला गेम २१-१६ असा घेतला होता. मलेशियाचं पहिलंवहिलं ऑलिंपिक सुवर्ण त्यांच्या आवाक्यात आलं होतं. जाळीपलीकडे चीनचे फू हायफेंग आणि झांग नान होते. त्यांनी दुसरा गेम २१-११ असा खेचून आणला. तिसरा गेम २१-२१ वर अडकला, तिथून पुढचे दोन्ही गुण चिनी जोडीनं घेतले आणि सामना २३-२१ असा संपला.

भारतात त्या सामन्याची फारशी चर्चा झाली नाही. पण त्या दोन गुणांनी बॅडमिंटनच्या इतिहासात एक अशी नोंद झाली, जी आजही एकट्या फू हायफेंगच्या नावावर आहे. पुरुष दुहेरीत दोन वेगवेगळ्या जोडीदारांसह ऑलिंपिक सुवर्ण जिंकणारा तो एकमेव खेळाडू आहे. लंडनमध्ये २०१२ साली त्याच्याबरोबर त्साय युन होता, रिओत झांग नान. दुहेरीत जोडी जमायलाच वर्षं जातात, आणि इथे हा माणूस तिशी ओलांडल्यावर नव्या साथीदाराबरोबर पुन्हा शिखरावर गेला.

हे किती मोठं आहे हे कळायला चीनचं एक जुनं दुखणं माहीत असावं लागतं. चीन म्हणजे बॅडमिंटनची महासत्ता, हे समीकरण आपल्या डोक्यात पक्कं बसलेलं आहे. महिला दुहेरीपुरतं ते शब्दशः खरं होतं. १९९६ ते २०१२ या पाच ऑलिंपिकमध्ये महिला दुहेरीचं सुवर्ण चीनबाहेर गेलंच नाही. पुरुष दुहेरीची कथा मात्र अगदी वेगळी. हा खेळ १९९२ मध्ये ऑलिंपिकमध्ये आला, तेव्हा पहिलं सुवर्ण कोरियाच्या पार्क जू-बोंग आणि किम मून-सू यांनी नेलं. पुढची दोन इंडोनेशियानं, २००४ चं पुन्हा कोरियानं. चीनच्या वाट्याला १९९२ च्या बार्सिलोना ऑलिंपिकमध्ये कांस्य आलं होतं. ते जिंकणारे ली योंगबो आणि तिआन बिंगयी हे १९८७ आणि १९८९ चे जगज्जेते. हेच ली योंगबो पुढे चीनच्या राष्ट्रीय संघाचे मुख्य प्रशिक्षक झाले आणि दोन दशकांहून अधिक काळ त्या पदावर राहिले. जगज्जेतेपदाचीही तीच रड. १९८९ नंतर २००६ पर्यंत, तब्बल सतरा वर्षं, पुरुष दुहेरीचा एकही जगज्जेता चीनमधून आला नाही. ज्या प्रकारात स्वतः ली योंगबो वाढले, त्यातच त्यांच्या संघाची पाटी कोरी होती.

यात आणखी एक गंमत आहे. आधुनिक चिनी बॅडमिंटनचा पाया घातला तो इंडोनेशियात जन्मलेल्या चिनी वंशाच्या खेळाडूंनी. वांग वेन्जियाओ आणि चेन फुशौ १९५४ मध्ये चीनमध्ये आले. हौ जियाचांग आणि तांग शियानहू त्यांच्या मागून आले. इंडोनेशियातून आलेल्या हातांनी चीनला हा खेळ शिकवला, आणि पुरुष दुहेरीत चीनची वाट सर्वाधिक वेळा अडवली तीही इंडोनेशियानंच.

फू हायफेंग दक्षिण चीनच्या ग्वांगडोंग प्रांतातल्या जियेयांगचा. हा किनारपट्टीचा मुलूख. इथली माणसं पिढ्यान्‌पिढ्या जहाजानं आग्नेय आशियात जाऊन स्थिरावली. त्साय युन उत्तरेकडच्या जियांग्सू प्रांतातल्या सुझौचा, वयानं मोठा, अंगानं सडपातळ. फू खांद्यांनी रुंद, पायांनी दणकट. दोघांची जोडी जमली ती या शतकाच्या सुरुवातीला. २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकला ते एकत्र उतरले, पण पदकाविना परतले. पुढच्याच वर्षी त्यांनी ऑल इंग्लंड जिंकली आणि जगाला ही जोडी नीट दिसू लागली.

त्याच २००५ साली बीजिंगमध्ये सुदिरमान चषकाची स्पर्धा झाली. तिथे फूच्या एका स्मॅशचा वेग मोजला गेला, ताशी ३३२ किलोमीटर. तो त्या काळचा विक्रम ठरला आणि नंतर फूचं नाव निघालं की हा आकडाही निघायचाच. वर्तमानपत्रांना असा आकडा फार सोयीचा असतो. पण त्या आकड्यानं फूवर थोडा अन्यायही केला. सोळा पिसांचं, जेमतेम पाच ग्रॅमचं फूल रॅकेटवरून सुटताना जो वेग असतो तो क्षणभराचा. पिसांना हवा अडवते आणि पलीकडच्या खेळाडूपर्यंत पोचेतो त्यातला बराचसा वेग गेलेला असतो. नुसत्या वेगावर सुवर्णपदकं मिळत असती, तर सगळे विक्रमवीर ऑलिंपिक विजेते झाले असते. फूनंतर मलेशियाच्या तान बून हिओंगनं चाचणीत चारशेचा टप्पा मागे टाकला, पण ऑलिंपिक सुवर्ण त्याला कधी मिळालं नाही.

फूचा खेळ समजून घ्यायचा तर एक रॅली सुरुवातीपासून पाहावी. पुरुष दुहेरीत सर्व्हिस करणारा खरं तर अडचणीत असतो. त्याला फूल खालून वर पाठवावं लागतं आणि समोरचा जाळीवर झेप घेऊन ते खाली दाबायला टपलेला असतो. म्हणून सर्व्हिस जाळीला घासून जाईल इतकी खुजी हवी. ती परतवली गेली की येतो तिसरा फटका, आणि पुरुष दुहेरीतले कितीतरी गुण तिथेच ठरतात. हल्ला कुणाकडे जाणार, म्हणजे फूल वरून खाली कोण मारणार आणि उचलून कोण देणार, याचा निकाल या दोन-तीन फटक्यांत लागतो. त्साय युनचं राज्य होतं ते इथे. जाळीच्या पट्टीपाशी तो फूल इतक्या लवकर घ्यायचा की समोरच्याला ते उचलण्यावाचून गत्यंतर राहायचं नाही. फूल उंच गेलं की मागच्या रेषेपाशी फू हवेत उडालेला असायचा. व्हॉलीबॉलमध्ये लिफ्टर आणि स्मॅशर असतात ना, तसंच हे. फरक एवढाच की इथे लिफ्टरला चेंडू प्रतिस्पर्ध्याकडूनच वर चढवून घ्यावा लागतो.

फू मारायचा तेव्हा पहिल्याच स्मॅशला गुण मिळावा असा हट्ट नसायचा. तो समोरच्याच्या अंगावर मारायचा, किंवा दोघांच्या बरोबर मधोमध, जिथे क्षणभर दोघांनाही वाटतं की हे दुसऱ्याचं. परत आलेलं फूल पुन्हा उंच असेल तर पुन्हा उडी, पुन्हा स्मॅश. अर्धवट असेल तर पुढे त्साय दाबायला तयार. सहा मीटर दहा सेंटिमीटर रुंदीचं कोर्ट एका कोपऱ्यापासून दुसऱ्या कोपऱ्यापर्यंत धावून, प्रत्येक वेळी फुलाच्या मागे पोचून उडी मारायची, हे काम छाती फोडणारं आहे. तोल जाऊन मारलेला एक सपाट फटकाही समोरच्याला हल्ला परत देतो. फूचं मोठेपण त्या दहाव्या-बाराव्या उडीत होतं. पहिली उडी कुणालाही जमते.

२००६ मध्ये बॅडमिंटनची गुणपद्धत बदलली. सर्व्हिस करणाऱ्यालाच गुण मिळण्याची जुनी रीत गेली आणि प्रत्येक रॅलीला गुण, २१ ला गेम, अशी नवी पद्धत आली. खेळ वेगवान झाला, चुकीला माफी उरली नाही. त्या वर्षी माद्रिदच्या जागतिक स्पर्धेत त्साय-फू यांनी अंतिम सामन्यात इंग्लंडच्या रॉबर्ट ब्लेअर-अँथनी क्लार्क यांना २१-९, २१-१३ असं गुंडाळलं आणि चीनची सतरा वर्षांची कोंडी फुटली.

सगळ्यात मोठी जखम मात्र घरच्याच मैदानात मिळायची होती. २००८ चं बीजिंग ऑलिंपिक. अंतिम सामन्यात समोर इंडोनेशियाचे मार्किस किडो आणि हेंद्रा सेतियावान. पहिला गेम चीननं २१-१२ असा सहज घेतला. मग किडो-सेतियावाननी फूल उंच देणंच बंद केलं. सपाट ड्राइव्ह आणि जाळीजवळचा खेळ यांत फूच्या उडीला वावच उरला नाही. २१-११, २१-१६. घरच्या प्रेक्षकांसमोर रौप्य.

या पराभवानंतरची तीन वर्षं हा फूच्या कारकिर्दीतला सर्वांत भरगच्च काळ आहे, आणि त्याची सुरुवात आपल्याकडे झाली. ऑगस्ट २००९, हैदराबादचं गच्चीबोली स्टेडियम. भारतात पहिल्यांदाच जागतिक स्पर्धा होत होती. सुरक्षेच्या कारणावरून इंग्लंडचा संघ माघारी गेला होता, स्वाइन फ्लूची धास्ती होती. अंतिम सामन्यात त्साय-फू यांच्यासमोर कोरियाचे जुंग जे-सुंग आणि ली योंग-दे. पहिला गेम २१-१८ चीनला, दुसरा २१-१६ कोरियाला. तिसरा गेम वीस-वीसला पोचला आणि संपेचना. बरोबरीनंतरचा जवळजवळ प्रत्येक दुसरा गुण कुणा ना कुणासाठी मॅच पॉइंट होता, आणि तो वाचत होता. २६-२६ पर्यंत हे चाललं. अखेर चीननं २८-२६ असा गेम घेतला. भारतीय भूमीवर खेळलेल्या दुहेरीच्या सामन्यांत याच्या तोडीचे फार थोडे असतील, आणि आपल्याकडे त्याची आठवण इतकी कमी निघते याची हळहळ वाटते.

पुढच्या वर्षी पॅरिसमध्ये मलेशियाचे कू किएन कीट-तान बून हिओंग, २०११ मध्ये लंडनच्या वेम्ब्लीत कोरियाचे को सुंग-ह्युन-यू यिओन-सिओंग. सलग तीन आणि एकूण चार जगज्जेतेपदं. पुरुष दुहेरीत एकाच जोडीनं इतकी जिंकल्याचं दुसरं उदाहरण नाही. सेतियावानच्या नावावरही चार आहेत, पण ती दोन जोडीदारांत विभागलेली.

मग २०१२, पुन्हा वेम्ब्ली, आता ऑलिंपिक. उपांत्य फेरीत कू-तान यांना २१-९, २१-१९ असं हरवून ते अंतिम सामन्यात आले. समोर डेन्मार्कचे मथियास बो आणि कार्स्टन मोगेन्सन. त्याच दिवशी लिन डाननं ली चोंग वेईला हरवून एकेरीचं सुवर्ण राखलं होतं. त्साय-फू यांनी २१-१६, २१-१५ असा विजय मिळवला आणि चीननं बॅडमिंटनची पाचही सुवर्णपदकं एकाच ऑलिंपिकमध्ये नेली. त्या स्पर्धेला महिला दुहेरीतल्या मुद्दाम हरण्याच्या प्रकरणाचं गालबोट लागलं होतं, चीनची एक जोडीही त्यात बाद झाली. पुरुष दुहेरीतलं हे सुवर्ण मात्र वीस वर्षांच्या प्रतीक्षेनंतरचं आणि निखळ होतं.

इथे कारकीर्द संपली असती तरी कुणी तक्रार केली नसती. त्साय तेव्हा बत्तिशीत होता, जोडी थकत चालली होती. फूला नवा साथीदार मिळाला झांग नान, बीजिंगचा, १९९० चा जन्म. झांगनं झाओ युनलेईसह मिश्र दुहेरीचं लंडनचं सुवर्ण जिंकलेलं होतं. पण मिश्र दुहेरीत झाओ जाळीपाशी खेळायची आणि झांग मागून मारायचा. फूबरोबर त्याला पुढे यावं लागलं, म्हणजे झाओचं काम आता त्याचं झालं. जाळीजवळचा खेळ त्यानं अनेक वर्षं तिच्या पाठीमागून पाहिला होता, आणि तो त्याच्या हातात उतरलेला स्पष्ट दिसायचा. तरी सगळं सुरळीत नव्हतं. २०१५ च्या ऑल इंग्लंडच्या अंतिम सामन्यात बो-मोगेन्सननी लंडनचं उट्टं काढलं. रिओत झांग मिश्र दुहेरीही खेळला आणि तिथे कांस्य घेतलं. त्या ऑलिंपिकमध्ये चीनला बॅडमिंटनची दोनच सुवर्णं मिळाली. त्यातलं एक एकेरीत चेन लाँगचं, दुसरं या जोडीचं. फूचं ते चौथं ऑलिंपिक होतं. तरुण झांग पुढे धावत होता आणि मागे तोच जुना माणूस उड्या मारत होता.

फूच्या पिढीतले दोन मोठे प्रतिस्पर्धी आज हयात नाहीत. हैदराबादचा तो सामना खेळलेला जुंग जे-सुंग २०१८ मध्ये गेला आणि बीजिंगचा विजेता किडो २०२१ मध्ये. दोघंही तरुण होते, दोघंही हृदयविकारानं गेले.

लंडनमध्ये हरलेला मथियास बो मात्र नंतर भारतात आला. सात्विकसाईराज रंकीरेड्डी आणि मुंबईचा चिराग शेट्टी यांचा प्रशिक्षक म्हणून त्यानं काम केलं. मागून सात्विकचा घणाघात आणि पुढे चिरागची झडप ही त्यांची मांडणी पाहताना त्साय-फू यांची आठवण येतेच. वेगाचा विक्रमही आता सात्विककडे आहे, २०२३ मध्ये जपानमधल्या चाचणीत ताशी ५६५ किलोमीटर. त्याच वर्षी चीनमध्येच, हांगझौच्या आशियाई स्पर्धेत, या जोडीनं भारताला बॅडमिंटनचं पहिलं आशियाई सुवर्ण मिळवून दिलं. पॅरिस ऑलिंपिकमध्ये ते उपांत्यपूर्व फेरीत मलेशियाच्या आरोन चिया-सो वूई यिक यांच्याकडून हरले आणि बोनं प्रशिक्षणातून रजा घेतली.

चीनचं जुनं दुखणं रिओनंतर पुन्हा डोकं वर काढून बसलं आहे. तोक्योत ली जुनहुई-लिऊ युचेन अंतिम सामन्यात तैवानच्या ली यांग-वांग ची-लिन यांच्याकडून सरळ दोन गेममध्ये हरले. २०२४ मध्ये पॅरिसला लिआंग वेइकेंग-वांग चांग त्याच तैवानी जोडीशी तिसऱ्या गेमपर्यंत झुंजले आणि १९-२१ असे दोन गुणांनी मागे राहिले. पुरुष दुहेरीत चीनच्या नावावर आजवर दोनच ऑलिंपिक सुवर्णं आहेत, आणि दोन्ही वेळा मागच्या कोर्टावर फू हायफेंग होता.