पंचविशीतली पास्काल

पास्काल ओजिए हे नाव आपल्याकडे फारसं कुणी ऐकलेलं नसेल. या फ्रेंच अभिनेत्रीची कारकीर्द होतीच मुळी मोजक्या वर्षांची. आई ब्यूल ओजिए नामवंत अभिनेत्री. जाक रिवेत यांच्या १९८१ च्या ‘ल पाँ द्यु नॉर’मध्ये मायलेकी एकत्र झळकल्या.

मला जास्त भावते ती एरिक रोमेर यांच्या ‘फुल मून इन पॅरिस’मधली (१९८४) तिची लुईझ. प्रियकरासोबत उपनगरात राहूनही पॅरिसमध्ये स्वतःची हक्काची खोली हवी, म्हणून ती अडून बसते. या भूमिकेसाठी व्हेनिसच्या महोत्सवात पास्काल सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली. त्याला दोन महिनेही झाले नव्हते. २५ ऑक्टोबरला, सव्विसाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, ती गेली.

त्याआधीच्या ‘घोस्ट डान्स’मध्ये तत्त्वज्ञ जाक देरिदा तिला विचारतात, भुतांवर विश्वास आहे का? ती ‘हो’ म्हणते. तिच्या मृत्यूनंतर तोच प्रसंग पडद्यावर पुन्हा पाहताना देरिदा अस्वस्थ झाले. तिचा तो होकार ऐकताना माझ्याही पोटात कालवतं.

मित्रमैत्रिणींनो, तुमच्यातले कितीतरी जण आज तिच्याच वयाचे आहात. ‘फुल मून’ जरूर पाहा. लुईझची खोलीही नीट न्याहाळा. ती पास्कालनेच सजवली होती.