आयरिश स्ट्यू

आयरिश स्ट्यू हा आयर्लंडमधील थंडीच्या दिवसांतला मटण-बटाट्याचा रस्सा. मूळ साहित्य चारच: मटण, बटाटे, कांदे आणि पाणी. गाजर घालावे की नाही यावर मतभेद आहेत. घातल्याने बिघडत मात्र काही नाही. पूर्वी लोकर आणि दूध देऊन थकलेली मेंढी यासाठी वापरत. तिचे मांस निबर, त्यामुळे मंद आचेला पर्याय नसे. आजही मानेचे किंवा खांद्याचे हाडासकट तुकडेच घ्यावेत. त्यांतील कोलॅजेन साधारण ७० अंश सेल्सियसच्या वर हळूहळू विरघळून त्याचे जिलेटिन होते. त्यानेच मांस मऊ पडते आणि रश्श्याला दाटपणा येतो. खळखळून उकळल्यास मात्र मांसाचे तंतू आकसून कोरडे होतात. म्हणून पाण्याला जेमतेम बुडबुडे येतील इतकीच आच ठेवून, झाकण लावून, दीड ते दोन तास शिजवतात. बटाटे दोनदा घालणे उत्तम: काही पातळ कापून सुरुवातीलाच, म्हणजे ते विरघळून रस्सा मिळून येतो, उरलेले मोठ्या फोडी करून शेवटच्या पाऊण तासात. मसाला म्हणजे मीठ, मिरपूड, थाइम आणि पार्सली, बस. दुसऱ्या दिवशी गरम केलेला स्ट्यू अधिक मुरलेला लागतो, आणि रात्रभरात वर थिजलेली चरबीही सहज काढता येते.