शहराखालचा बोगदा: भीती कुठे आणि धोका कुठे

मुंबईत ऑरेंज गेटपासून मरीन ड्राइव्हपर्यंत जमिनीखालून रस्ता होतो आहे. लांबी नऊ किलोमीटरच्या वर, त्यातला बहुतेक भाग जोडबोगद्यांचा, काम एमएमआरडीएचं. वर जुनी दक्षिण मुंबई, चाळी आणि बाजारपेठा. आमच्या पिंपळनेरात हा विषय निघाला की पहिला प्रश्न येतो: एवढे सुरुंग उडवल्यावर वरच्या इमारती राहतील का?

प्रश्न साहजिक आहे. इथे पांझरा नदीकाठी विहीर खोदताना मुरूम संपून काळा पाषाण लागला की भोकं पाडून जिलेटिन भरतात. बार उडतो, घरातली भांडी वाजतात, मग यारीने दगड वर निघतो. शहराखालचा हा बोगदा मात्र बार उडवत पुढे जात नाही. बोगदा खणणाऱ्या टीबीएम यंत्राच्या तोंडाशी फिरणारी पोलादी चकती खडक भरडते. मुंबईच्याच कोस्टल रोडसाठी मलबार हिलखालून गेलेल्या ‘मावळा’ यंत्राचा व्यास १२.१९ मीटर होता. यंत्र सरकतं तसं मागे काँक्रीटच्या तयार तुकड्यांचं कडं बसतं आणि कडं व खडक यांच्यातली फट दाबाखाली भरून घेतात. खणलेली जागा उघडी राहतच नाही.

खालून खणलं की जुनी इमारत खचणारच, हेही खरं नाही. मुंबईची मेट्रो ३ गिरगाव-काळबादेवीखालून धावते, पुण्याची मेट्रो कसबा पेठ आणि मंडईखालून.

धोका आहे, पण तो वेगळ्या जागी. ३ मार्च २००९ रोजी जर्मनीत कोलोन शहराचा ऐतिहासिक दफ्तरखाना कोसळला, दोन तरुण दगावले. समोर मेट्रोचं काम चालू होतं, पण घात यंत्राने पोखरलेल्या बोगद्याने केला नाही. शेजारच्या खोल उघड्या खड्ड्याची भूमिगत भिंत सदोष होती. तिच्यातून पाणी आणि माती खड्ड्यात घुसली आणि इमारतीचा आधारच गेला. मुंबई तर भराव टाकून जोडलेली सात बेटं, बाजूला समुद्र. म्हणून डोळे ठेवायचे ते बोगद्याच्या तोंडांवर, उघड्या खड्ड्यांवर आणि भूजलावर. इमारती किती झुकल्या, जमीन किती खचली, याच्या नोंदी रहिवाशांना दिसल्याच पाहिजेत.

धूर कोंडण्याची भीतीही असते. १९९९ साली आल्प्स पर्वतातल्या माँ ब्लाँ बोगद्यातल्या आगीत ३९ जण गेले. तिथे दोन्ही दिशांची वाहतूक एकाच नळीतून होती. जोडबोगद्यात एका नळीतून दुसरीत पळता येतं, आणि धूर ढकलायला पंखे असतात.

राहिली गर्दी. बोगदा फक्त आरपार जाणाऱ्या गाड्या उचलतो. भुलेश्वरच्या हातगाड्या आहेत तिथेच राहतील.

तुमचं कुणी त्या भागात राहत असेल तर त्यांना एवढं कळवा: यंत्र येण्याआधी घरातल्या प्रत्येक जुन्या तड्याचा तारखेसह फोटो काढून ठेवा. उद्या भरपाई मागायची वेळ आली तर तोच पुरावा कामी येईल.