प्रत्यक्षदर्शी साक्ष : अपिलाच्या कसोटीवर

खरे आणि खोटे यांत चार बोटांचे अंतर असते, असे म्हणतात. कानांनी ऐकलेले खोटे ठरू शकते, डोळ्यांनी पाहिलेले मात्र खरेच, हा त्याचा अर्थ. फौजदारी न्यायालयात प्रत्यक्षदर्शी साक्षीदाराला जे वजन लाभते, त्याच्या मुळाशी हाच विश्वास आहे. ऐकीव माहिती कायदा सहसा पुरावा मानीत नाही. ‘मी स्वतः पाहिले’ या तीन शब्दांवर मात्र जन्मठेप, प्रसंगी फाशीही होऊ शकते. मग खालच्या न्यायालयाने ग्राह्य धरलेली अशी साक्ष अपिलात कधी कधी कोसळते, ती का?

गुन्हा सिद्ध होण्यासाठी अमुक इतके साक्षीदार हवेत, असे आपला कायदा म्हणत नाही. १८७२ च्या पुरावा कायद्यातील ही तरतूद १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय साक्ष अधिनियमातही कायम आहे. साक्षीदार मोजायचे नसतात, तोलायचे असतात. वडिवेलू थेवर खटल्यात १९५७ साली सर्वोच्च न्यायालयाने साक्षीदारांचे तीन प्रकार सांगितले : पूर्णतः विश्वसनीय, पूर्णतः अविश्वसनीय आणि धड ना इकडचे, ना तिकडचे. पहिल्या प्रकारातील एकाच्याही साक्षीवर शिक्षा होऊ शकते. खरी कसोटी लागते ती तिसऱ्या प्रकारात. तेथे अन्य पुराव्याचा आधार शोधावा लागतो.

साक्षीतील प्रत्येक विसंगती घातक नसते. माणसाची स्मृती ही चित्रफीत नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने भारवाडा भोगिनभाई खटल्यात १९८३ साली स्पष्ट केले. घटनेची नेमकी वेळ वा किरकोळ तपशील चुकला म्हणून साक्ष फेटाळता येत नाही. उलट सर्व साक्षीदार पोपटासारखे एकच वाक्य बोलू लागले, तर ते पढवलेले असल्याचा संशय बळावतो.

परंतु खोटे बोलणाऱ्या साक्षीदाराहून प्रामाणिकपणे चुकणारा साक्षीदार ओळखणे अधिक अवघड असते. त्याचा आवाज अडखळत नाही, कारण आपण खरेच सांगतो आहोत अशी त्याची खात्री असते. अमेरिकेतील मानसशास्त्रज्ञ एलिझाबेथ लॉफ्टस व जॉन पामर यांचा १९७४ मधील प्रयोग प्रसिद्ध आहे. विद्यार्थ्यांना मोटारींच्या अपघाताची फिल्म दाखवून वेगाविषयी विचारण्यात आले. काहींना मोटारी ‘धडकल्या’ तेव्हा वेग किती होता असे विचारले, तर काहींसाठी ‘चक्काचूर होईल अशा आदळल्या’ या अर्थाचा जोरकस शब्द वापरला. आठवड्यानंतर ‘फुटलेली काच पाहिली का?’ असे विचारले असता दुसऱ्या गटातील ५० पैकी १६ जणांनी होकार दिला. पहिल्या गटात असे ५० पैकी ७ होते. फिल्ममध्ये फुटलेली काच नव्हतीच! प्रश्नातील एका शब्दाने आठवण बदलू शकते, तर महिनोन्महिने चाललेल्या तपासात काय घडत असेल?

११ जुलै २००६ रोजी मुंबईच्या पश्चिम रेल्वेवरील लोकलगाड्यांत सात स्फोट झाले आणि १८० हून अधिक प्रवासी मृत्युमुखी पडले. विशेष न्यायालयाने २०१५ मध्ये १२ जणांना दोषी ठरवून पाच जणांना फाशी व सात जणांना जन्मठेप सुनावली. २१ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने हा निकाल रद्द केला. कबुलीजबाब आणि जप्त वस्तूंबरोबरच प्रत्यक्षदर्शींची साक्षही न्यायालयाला विश्वसनीय वाटली नाही. आरोपींना चर्चगेट स्थानकापर्यंत सोडल्याचे सांगणारे टॅक्सीचालक शंभराहून अधिक दिवसांनी पोलिसांपुढे आले होते. रोज असंख्य प्रवाशांची ने-आण करणाऱ्या चालकांनी तेच चेहरे लक्षात ठेवावेत असे विशेष कारण न्यायालयाला दिसले नाही. ज्या अधिकाऱ्याने ओळख परेड घेतली, त्याला तसा अधिकारच नव्हता, असेही आढळले. २४ जुलै २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल अन्य खटल्यांत दाखला म्हणून वापरण्यास स्थगिती दिली. मात्र सुटलेल्यांना पुन्हा तुरुंगात पाठविण्याचा आदेश दिला नाही.

अपिलातील न्यायाधीशांना साक्षीदाराचा चेहरा सहसा दिसत नाही. त्यांच्यापुढे असतात ते कागद. म्हणूनच साक्षीदाराच्या हावभावांबाबत ते कनिष्ठ न्यायालयाच्या मताचा आदर करतात. पण हीच दूरता उपयोगीही पडते. आत्मविश्वासाने बोललेल्या शब्दाची भुरळ ओसरते आणि साधे प्रश्न उरतात : उजेड किती होता? अंतर किती होते? पहिला जबाब केव्हा झाला? परेडपूर्वी आरोपीचे छायाचित्र दाखविले गेले होते काय?

या प्रश्नांची उत्तरे अपिलात निर्माण करता येत नाहीत. ती तपासाच्या पहिल्या काही दिवसांतच नोंदवावी लागतात. जबाब विनाविलंब झाला नाही, परेड नियमानुसार झाली नाही, तर त्याची किंमत दोन्हीकडच्यांना मोजावी लागते. त्या १२ जणांपैकी एकाचा अपील प्रलंबित असतानाच २०२१ मध्ये मृत्यू झाला. उरलेल्यांची सुमारे १९ वर्षे गजाआड गेली. आणि ज्यांची माणसे त्या संध्याकाळी घरी परतली नाहीत, त्यांना या निकालातून ‘मग हे केले कोणी?’ या प्रश्नाचे उत्तर मिळाले नाही.