बोटं कसली मोडताय? बोटांचे ठसे द्या!

माहीत आहे का? ७ जुलै २०२४ या एका दिवसात अमेरिकेतल्या विमानतळांवर ३० लाखांहून जास्त प्रवाशांची सुरक्षा तपासणी झाली. इतिहासात पहिल्यांदाच! आणि एप्रिल २०२०मध्ये, कोविडच्या ऐन भरात, एका दिवसाचा हाच आकडा १ लाखाच्याही खाली घसरला होता. चार वर्षांत तीसपटीहून जास्त गर्दी! आता सांगा, त्या गर्दीत तुम्ही कुठल्या रांगेत उभे राहणार?

हो, रांगा दोन असतात. एक सगळ्यांची. दुसरी ‘टीएसए प्रीचेक’वाल्यांची. दुसरीत लॅपटॉप बॅगेतच राहतो, बेल्ट कमरेलाच राहतो, हलकं जॅकेट अंगावरच राहतं आणि लिक्विडची छोटी पिशवीसुद्धा बाहेर काढावी लागत नाही. टीएसए म्हणजे तिथली विमानतळ सुरक्षा पाहणारी सरकारी यंत्रणा. तिचा दावा असा, की या लेनमधले ९९ टक्के प्रवासी १० मिनिटांच्या आत पार होतात.

जादू? अजिबात नाही. झडती आधीच झालेली असते. तुम्ही फॉर्म भरता, बोटांचे ठसे देता, सरकार तुमची पार्श्वभूमी तपासतं. विमानतळावर पोहोचण्यापूर्वीच निम्मं काम फत्ते! विश्वास आगाऊ बुक करायचा, तिकिटासारखाच.

ही आयडिया मोठी झाली कशी, बघा. ऑक्टोबर २०११मध्ये अटलांटा, डेट्रॉइट, डॅलस-फोर्टवर्थ आणि मायामी या फक्त ४ विमानतळांवर प्रीचेक सुरू झालं. डिसेंबर २०१३पासून सर्वसामान्यांना थेट अर्ज करता येऊ लागला. २०२४मध्ये सदस्य किती झाले? २ कोटींवर! विमानतळ? २००हून जास्त.

बरं, ठसे द्यायला जायचं कुठे? पोलिस चौकीत? कोर्टात? चक्क स्टेशनरीच्या दुकानात! ‘स्टेपल्स’ या अमेरिकन साखळीच्या अनेक दुकानांत प्रीचेकचं नावनोंदणी केंद्र आहे. एका बाजूला वह्या-पेनं, दुसऱ्या बाजूला दहा बोटांचं स्कॅनिंग. अपॉइंटमेंट साधारण १० मिनिटांची. बहुतेकांना ३ ते ५ दिवसांत सदस्यत्वाचा नंबर मिळतो, काहींना मात्र ६० दिवसही लागू शकतात. म्हणून सांगते, सुट्टीच्या आदल्या आठवड्यात जागे होऊ नका.

आता बुटांची गोष्ट. ऐका, कारण ही ‘सोल’फुल आहे!

२२ डिसेंबर २००१ रोजी पॅरिसहून मायामीला निघालेल्या विमानात रिचर्ड रीड नावाच्या माणसाने बुटात लपवलेली स्फोटकं पेटवायचा प्रयत्न केला. प्रवासी आणि कर्मचाऱ्यांनी त्याला धरलं आणि विमान बॉस्टनला उतरलं. ऑगस्ट २००६पासून सगळ्यांनाच बूट काढणं सक्तीचं झालं आणि पुढची जवळजवळ १९ वर्षं अमेरिका विमानतळावर मोज्यांवर चालली! ८ जुलै २०२५ला ही सक्ती सर्वांसाठी उठली. म्हणजे प्रीचेकचा सगळ्यात लाडका फायदा, बूट न काढणं, आता फुकटात सगळ्यांना. तरी लॅपटॉप, बेल्ट आणि वेगळी लेन यांचा फायदा आहेच, आणि तो छोटा नाही.

माहीत आहे का, प्रीचेकचा एक मोठा भाऊही आहे? नाव ‘ग्लोबल एंट्री’. प्रीचेक विमानात चढण्यापूर्वीच्या तपासणीसाठी, तर ग्लोबल एंट्री बाहेरच्या देशातून अमेरिकेत उतरल्यावरच्या इमिग्रेशनसाठी. ६ जून २००८ला ती प्रयोग म्हणून सुरू झाली. आणि गंमत अशी, की ग्लोबल एंट्री घेतली की प्रीचेक त्यातच मिळतं! फी ५ वर्षांसाठी १२० डॉलर. नुसतं प्रीचेक घेतलं तर कंपनीनुसार साधारण ७५ ते ८५ डॉलर. परदेशवाऱ्या करणाऱ्याने हिशेब स्वतः करावा. शिवाय तिथली अनेक क्रेडिट कार्डं ही फी परत करतात, तेव्हा पाकीट उघडण्यापूर्वी कार्डाच्या अटी उघडा.

हात दाखवून अवलक्षण? छे, हात दाखवून प्रवेश! १९९३मध्ये न्यूयॉर्कच्या जेएफके आणि शेजारच्या न्यूअर्क विमानतळावर ‘इन्सपास’ नावाचा प्रयोग सुरू झाला होता. यंत्रावर पंजा ठेवायचा, यंत्र हाताचा आकार मोजणार, ओळख पटली की आत! ग्लोबल एंट्रीचा हा पूर्वज, तिच्याही १५ वर्षं आधीचा.

आणि अॅमस्टरडॅमने तर थेट डोळ्यांत डोळे घातले. तिथल्या स्किपोल विमानतळावर २००१मध्ये ‘प्रिव्हियम’ आलं. डोळ्याच्या बाहुलीभोवतालचा रंगीत पडदा स्कॅन करून सदस्यांना सीमा पार करता येऊ लागली. फेस आयडीवाले फोन येण्याच्या कितीतरी आधी!

आता कान द्या, कारण हे थेट आपल्यासाठी आहे. भारतीय पासपोर्टवर ग्लोबल एंट्री मिळते! जून २०१७च्या पंतप्रधानांच्या वॉशिंग्टन भेटीत त्यावर शिक्कामोर्तब झालं आणि जुलै महिन्यात दार उघडलं. पहिला भारतीय सदस्य कोण? अमेरिकेतले तेव्हाचे भारताचे राजदूत, नवतेज सरना.

पण थांबा, इथे एक वळण आहे. भारतीय नागरिकाला आधी आपल्याच पासपोर्ट सेवा पोर्टलवर ग्लोबल एंट्रीसाठीच्या पार्श्वभूमी पडताळणीचा वेगळा अर्ज करावा लागतो. मग अमेरिकेच्या पोर्टलवर अर्ज. त्यात गेल्या ५ वर्षांतले पत्ते, नोकऱ्या आणि फिरलेले देश, सगळं भरायचं. जुने भाडेकरार आणि पासपोर्टवरचे शिक्के घेऊनच बसा! अर्जाला सशर्त मंजुरी मिळाली की मुलाखत. मुलाखतीच्या तारखा लवकर मिळत नाहीत अशी बोंब असतेच, त्यावर झकास तोड म्हणजे ‘एनरोलमेंट ऑन अरायव्हल’. सशर्त मंजुरी हातात असेल तर अमेरिकेत उतरल्यावर अनेक विमानतळांवर तिथल्या तिथे मुलाखत उरकता येते, अपॉइंटमेंटशिवाय.

न्यू जर्सीत किंवा सिअॅटलमध्ये एच-१बी व्हिसावर असलेल्या मंडळींनी ही ओळ कापून ठेवावी. प्रीचेकसाठी थेट अर्ज करायचा तर अमेरिकन नागरिकत्व किंवा ग्रीन कार्ड लागतं. ग्लोबल एंट्रीला ती अट नाही. मागच्या दाराने नव्हे, अगदी राजरोस, प्रीचेक तुमच्या पदरात!

आणि मराठी माणसाची सगळ्यात मोठी गोची माहीत आहे का? वडिलांचं नाव! आपल्या पासपोर्टवर ‘गिव्हन नेम’च्या रकान्यात बहुधा स्वतःच्या नावापाठोपाठ वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव असतं. अर्जात ‘सुनीता प्रकाश’ आणि तिकिटावर नुसती ‘सुनीता’ असली, की कॉम्प्युटरला या दोन बायका वाटू शकतात. मग बोर्डिंग पासवर प्रीचेकचा शिक्का येत नाही आणि शिक्का नाही तर लेन नाही. नाव, जन्मतारीख आणि सदस्य म्हणून मिळालेला ‘नोन ट्रॅव्हलर नंबर’ तिकिटात जसाच्या तसा हवा. लग्नानंतर नाव बदललं असेल तर दोन्हीकडे बदला. एवढीशी गोष्ट, पण पैसे भरलेला माणूस लांब रांगेत दिसला की बहुतेकदा घोळ इथेच असतो.

नावावरून किती मोठे लोक अडकले, सांगू? २००४मध्ये सिनेटर टेड केनेडी यांना वारंवार विमानतळावर अडवलं गेलं, कारण त्यांच्या नावाशी जुळणारं एक नाव संशयितांच्या यादीत होतं. केनेडी! अमेरिकेत! आणि आपला शाहरुख खान २००९, २०१२ आणि २०१६ असा तीनदा अमेरिकेच्या विमानतळांवर अडकला. तिसऱ्या वेळी लॉस एंजेलिसमध्ये थांबून असताना त्याने काय केलं? छान छान पोकेमॉन पकडले, आणि तसं ट्वीटही केलं! पुन्हापुन्हा असं अडवलं जाणाऱ्यांसाठी अमेरिकेत ‘डीएचएस ट्रिप’ नावाची तक्रार-व्यवस्था आहे. तिथून मिळणारा ‘रिड्रेस नंबर’ तिकिटात टाकता येतो.

तान्ह्या बाळाला ग्लोबल एंट्री लागते का? लागते! प्रीचेकमध्ये १२ वर्षांपर्यंतची मुलं आई-बाबांबरोबर बिनधास्त जातात. ग्लोबल एंट्रीत मात्र पाळण्यातल्या पाहुण्यालाही स्वतःचं सदस्यत्व हवं. सप्टेंबर २०२४पर्यंत त्या बाळाचेही १०० डॉलर पडायचे. १ ऑक्टोबरपासून फी १२० झाली, पण पालक सदस्य असतील किंवा अर्ज करत असतील तर १८ वर्षांखालच्या मुलांना ती माफ झाली. चार जणांच्या कुटुंबाला हा बदल खरंच सुखाचा आहे.

एका अख्ख्या राज्याला ‘नो एंट्री’! फेब्रुवारी २०२०मध्ये अमेरिकन सरकारने न्यूयॉर्क राज्याच्या रहिवाशांना ग्लोबल एंट्रीचे नवे अर्ज आणि नूतनीकरण बंद केलं. वाद होता वाहन परवान्यांची माहिती देण्यावरून. जुलैमध्ये बंदी उठली.

सफर संपली, सफरचंद नडलं! २०१८ची गोष्ट. पॅरिसहून अमेरिकेला येणाऱ्या विमानात खायला मिळालेलं सफरचंद एका बाईंनी नंतर खाऊ म्हणून पिशवीत ठेवलं आणि उतरल्यावर जाहीर केलं नाही. दंड ५०० डॉलर, वर ग्लोबल एंट्री धोक्यात! या सदस्यत्वात फळ, बी, मांस लपवणं हा मोठा गुन्हा धरतात. म्हणून आत्याने प्रेमाने बॅगेत सरकवलेला हापूस आधी बाहेर काढा. अमेरिकेत जाणाऱ्या भारतीय आंब्यावर विकिरणाची प्रक्रिया व्हावी लागते. २००७मध्ये अनेक वर्षांनी आपला आंबा तिकडे पोहोचला तो आपल्या नाशिक जिल्ह्यातल्या लासलगावच्या केंद्रातून प्रक्रिया होऊन. कांद्याच्या गावाने आंब्याला व्हिसा दिला! हँडबॅगेतल्या हापूसला तो मिळत नाही.

पीनट बटर घन की द्रव? २०२३मध्ये टीएसएने ठासून सांगितलं, द्रव! त्यामुळे १०० मिलिलिटरचा नियम लागू. त्याच न्यायाने साजूक तूप आणि रसाळ लोणचं चेक-इन बॅगेतच बरं. प्रीचेक असलं तरी ही मर्यादा सुटत नाही. आणि मेतकूट, भाजणी, गोडा मसाला? हँडबॅगेतली पूड ३५० मिलिलिटरहून जास्त भरली तर जादा तपासणी होऊ शकते. डबा छोटा, मनस्ताप छोटा.

कान टवकारलेले नकोत! वास घेऊन स्फोटकं शोधणारे टीएसएचे कुत्रे बघितलेत? लोंबत्या कानांचे कुत्रे प्रवाशांना कमी भीतीदायक वाटतात, म्हणून शक्यतो तेच निवडायचे, असं टीएसएच्या प्रमुखांनी २०१८मध्ये सांगितलं होतं. लहान मुलं घाबरू नयेत, हा त्यातला विचार मला फार आवडला.

ट्रेमध्ये विसरलेली चिल्लर किती असेल? आर्थिक वर्ष २०१९मध्ये अमेरिकन विमानतळांवर लोक ९ लाख २६ हजार डॉलर मागे सोडून गेले! हे पैसे सुरक्षेच्या कामासाठी वापरायची परवानगी तिथल्या संसदेनेच दिलेली आहे.

आणि हे वाचून दचकाल. २०२३मध्ये टीएसएला तपासणी नाक्यांवर ६,७३७ बंदुका सापडल्या, त्यातल्या ९३ टक्के गोळ्या भरलेल्या! प्रीचेक सदस्याकडे बंदूक सापडली तर किमान ५ वर्षं सदस्यत्व विसरायचं.

मुंबईहून अबूधाबीमार्गे जाताय? मग हा ट्विस्ट तुमच्यासाठी. अबूधाबीच्या विमानतळावर अमेरिकन इमिग्रेशनचे अधिकारी २०१४पासून बसतात. अमेरिकेचं इमिग्रेशन तिथेच उरकतं आणि न्यूयॉर्कला तुम्ही देशांतर्गत प्रवाशासारखे उतरता.

आता घरचा आहेर, आणि तोही फुकट! भारताची स्वतःची ‘फास्ट ट्रॅक इमिग्रेशन – ट्रस्टेड ट्रॅव्हलर प्रोग्रॅम’ योजना २२ जून २०२४ला दिल्लीत सुरू झाली. जानेवारी २०२५मध्ये मुंबईसह आणखी ७ विमानतळं जोडली गेली, सप्टेंबरमध्ये एकूण १३ झाली. भारतीय नागरिक आणि भारतीय वंशाचे परदेशी ओसीआय कार्डधारक दोघांनाही खुली. ती चालते इमिग्रेशनच्या ई-गेटवर. सुरक्षा तपासणीची रांग मात्र वेगळीच राहते, हे लक्षात ठेवा. देशांतर्गत प्रवासात चेहरा दाखवून आत सोडणारं ‘डिजियात्रा’ हेही वेगळं प्रकरण. पुण्यात आणि मुंबईत ते २०२३मध्ये पोहोचलं.

अर्ज गृहमंत्रालयाच्या पोर्टलवर. पासपोर्टची मुदत किमान ६ महिने शिल्लक हवी. पडताळणी झाली की बोटांचे ठसे आणि चेहऱ्याचा फोटो द्यायला ठरलेल्या विमानतळावर किंवा परदेशी नागरिकांची नोंदणी करणाऱ्या एफआरआरओ कार्यालयात जायचं. सदस्यत्व ५ वर्षांचं किंवा पासपोर्ट संपेपर्यंत, जे आधी येईल ते. तेव्हा कपाटातून पासपोर्ट काढा आणि मुदतीची तारीख बघा. संपत आली असेल तर आधी पासपोर्टचं नूतनीकरण, मग हा फॉर्म!